पळून गेलेली गोलरेषा

व्हर्ना टॉर्गरसन एकोणतीस वर्षं आमच्या व्हिटलॉकच्या शाळेचं फुटबॉलचं मैदान आखत होती. आधी तिचा नवरा फक्कीची गाडी ढकलायचा आणि ही मागून "डावीकडे, अरे डावीकडे, माणसा, तुझी डावी कुठली?" करत चालायची. तो वारल्यावर गाडी तिच्या हातात आली आणि "डावीकडे" ऐकायला मागे उरलं सगळं गाव. त्यात पहिला नंबर माझा, कारण आमची घरं पाठीला पाठ लावून. मी अर्विड नेस, गावातला न्हावी, आणि शनिवारी सामने असले की लाऊडस्पीकरवर बोलणारा.

आमचा फुटबॉल म्हणजे दोन्ही टोकांना निमुळता चेंडू काखेत मारून पळायचं आणि समोरच्याने तुम्हाला आडवं करायचं, तो. मैदान शंभर यार्ड लांब, त्रेपन्न यार्ड एक फूट रुंद. हा शेवटचा एक फूट व्हर्नाने आयुष्यात कधी सोडला नाही. पण मोंटानात आमच्या बाजूला शेतं वाढत गेली नि घरं कमी होत गेली. एका वर्षी शाळेत अकरा धडधाकट पोरं उभी करताना मास्तरांना घाम फुटला, तेव्हा सहा-सहा जणांचा खेळ सुरू झाला. त्याचं मैदान ऐंशी यार्ड लांब आणि चाळीस रुंद. ते पहिल्यांदा आखून व्हर्ना थेट माझ्या दुकानात आली नि रिकाम्या खुर्चीत बसली.

"अर्विड, गरम पाण्यात धुतलेला स्वेटर बघितलायस? तसं झालंय माझं मैदान. बाह्या कोपरापर्यंत वर!"

तेव्हापासून वर्षातून एकच दिवस तिला पूर्ण शंभर यार्ड आखायला मिळायचे, तोही वर्षाआड. सप्टेंबरच्या शेवटच्या शनिवारी आमचे बाप्ये सीमेपलीकडच्या ग्रेहिलच्या बाप्यांशी खेळायचे. शेतकरी, नळवाले, एक दातांचा डॉक्टर, असेच सगळे. एक वर्ष सामना इकडे, एक वर्ष तिकडे. कॅनडाचं मैदान एकशेदहा यार्ड लांब नि पासष्ट रुंद, गोलरेषेमागे आणखी वीस-वीस यार्डांचे पट्टे (आमचे दहा-दहाचेच), आणि गडी अकराऐवजी बारा. आमची माणसं मध्यंतरापर्यंत जिभा बाहेर काढायची.

ते मैदान आखायचा ओरेस्ट ड्रोबोट. हिवाळ्यात बर्फावरून दगड घसरवत वर्तुळात नेतात त्या खेळासाठी बर्फ गुळगुळीत करायचा, उन्हाळ्यात मैदान सांभाळायचा. या गोष्टीच्या वेळी सहासष्ट वर्षांचा विधुर, मिशी केरसुणीसारखी, सदरा मात्र कडक इस्त्रीचा. दर सप्टेंबरला ही दोघं कुंपणापाशी भेटायची आणि आम्ही आसपास घुटमळायचो, कारण फुकटात इतकी करमणूक दुसरीकडे नव्हती.

"कशी आहे तुमची परसबाग, मिसेस टॉर्गरसन?"

"छान आहे. तुमच्या कुरणात हल्ली गाई किती चरतात, ड्रोबोट?"

"आमच्याकडे माणूस मोकळा पळतो. इथे वळायला गेलं की माणूस प्रेक्षकाच्या मांडीवर!"

"आणि तुमच्याकडे चेंडू मागच्या पट्ट्यात नुसता लाथाडला, कुणी बाहेर आणला नाही, की एक गुण! नेम चुकल्याचं बक्षीस! अहो, लाज कशी वाटत नाही?"

अशी सतरा वर्षं.

मग एक्क्याण्णव साली ओरेस्टचं पत्र आलं. यंदा पंचविसावा सामना, व्हिटलॉकला. तर पहिला अर्धा अमेरिकेच्या मैदानावर खेळू, दुसरा अर्धा कॅनडाच्या. दोन्ही एकाच जागी आखू, मी माझी फक्की घेऊन दोन दिवस आधी येतो. व्हर्नाने ते पत्र माझ्या दुकानात मोठ्याने वाचलं. खुर्चीत दातांचा डॉक्टर लाइल फॉस अर्ध्या दाढीने बसला होता.

"एकावर एक दोन मैदानं! ऐकलंत? उद्या म्हणेल, एका टोपीत दोन डोकी घाला!"

"मग नाही म्हणून कळव," फेसातून लाइल म्हणाला.

"नाही कशाला म्हणू? घाबरले म्हणेल." तिने पत्राची घडी केली, पुन्हा उलगडली, पुन्हा घडी केली आणि पर्समध्ये ठेवली. कचऱ्याची टोपली अगदी तिच्या पायाशी होती. मी लाइलकडे पाहिलं, लाइलने आरशातून माझ्याकडे पाहिलं, नि मी पुढचा वस्तरा जपून फिरवला.

गुरुवारी ओरेस्ट आला. ट्रकमध्ये केशरी फक्कीची पोती, एक गादी आणि बटाट्याच्या करंज्यांचा मोठा डबा. पहिली पंचाईत जागेची. त्याचं मैदान पट्ट्यांसकट दीडशे यार्ड लांब, म्हणजे दोन्ही टोकांना आमच्यापेक्षा पंधरा-पंधरा यार्ड जास्त. उत्तरेला गाड्या लावायची जागा होती, तिथल्या पुढच्या रांगा मोकळ्या केल्या. दक्षिणेला नायगार्डचं गव्हाचं शेत. कापणी झालेली, नुसती खुंटं उभी. नायगार्ड म्हणाला, "कुंपण काढा, पण परत लावा." रुंदीला बारा यार्ड वाढवायचे तर बाकांच्या पहिल्या तीन रांगा उचलाव्या लागल्या. गोलखांब हलवायला मात्र व्हर्नाने साफ नकार दिला.

"तुमचे असतील गोलरेषेवर, आमचे खांब मागच्या रेषेवरच राहणार. तुमच्या लोकांना लाथ जरा मोठी मारायला सांगा."

दुसरी पंचाईत फितीची. ओरेस्टने खिशातून काढली ती मीटरची.

"हे काय?" व्हर्ना कमरेवर हात ठेवून उभी.

"आमच्याकडे हल्ली सगळं मीटरातच मिळतं."

"आणि मैदान?"

"मैदान यार्डातच."

"म्हणजे दूध लिटरात, रस्ता किलोमीटरात, आणि मैदान तेवढं यार्डात? तुम्ही लोक सकाळी उठून ठरवता तरी कसं, आज काय कशात मोजायचं?"

"एकशेदहा यार्ड म्हणजे शंभर मीटर आणि अठ्ठावन्न सेंटीमीटर," ओरेस्ट शांतपणे म्हणाला. "पाठ आहे मला."

"अठ्ठावन्न!" व्हर्ना म्हणाली. तिच्या एका फुटासारखंच त्याचंही काहीतरी आहे, हे तिला तेव्हा पहिल्यांदा जाणवलं असावं. तिने आपल्या फितीचं एक टोक त्याच्या हातात दिलं. "धरा. घट्ट धरा. डावीकडे."

तो लगेच डावीकडे सरकला. एवढ्या वर्षांत तिचं "डावीकडे" पहिल्याच हाकेला कळलेला माणूस मी पहिल्यांदा पाहिला.

शुक्रवारी संध्याकाळपर्यंत दोन्ही मैदानं उठून दिसू लागली. आमचं पांढरं, त्यांचं केशरी. आणि उत्तरेची शेवटची गोलरेषा आखायच्या वेळी व्हर्नाची फक्की संपली.

"माझी घ्या," ओरेस्ट म्हणाला.

"अमेरिकेची गोलरेषा केशरी? माझ्या जिवात जीव असेपर्यंत नाही."

ती घरी गेली, तळघरातून मैद्याचं पोतं आणलं नि गोलरेषा मैद्याने आखली. सुरेख आली. आम्ही सगळ्यांनी वाखाणली.

शनिवारी सकाळी साडेअकराला मी लाऊडस्पीकर जोडत होतो, तेवढ्यात आभाळात कोकलाट झाला. कॅनडा हंस! दक्षिणेकडे निघालेला दीड-दोनशेचा थवा. त्यांनी नायगार्डचं सांडलेल्या गव्हाने भरलेलं शेत सोडलं आणि ते उतरले थेट उत्तरेच्या गोलरेषेवर. रात्रीच्या दवात मैदा भिजून मऊ झाला होता. तो त्यांनी असा काही मटकावला की विचारू नका. व्हर्ना खराटा घेऊन धावली, मागून ओरेस्ट टोपी हलवत धावला. हंस दोन पावलं सरकायचे नि पुन्हा चोची खाली. शेवटी ते उडाले तेव्हा रेषेच्या जागी होतं फक्त गवत, आणि हंस जे मागे ठेवतात ते.

"नाव कॅनडा हंस!" व्हर्ना धापा टाकत म्हणाली. "तुम्ही शिकवून पाठवलेत!"

"शिकवले असते तर त्यांनी सगळं मैदान खाल्लं असतं," ओरेस्ट म्हणाला, आणि मग एकदम हसायला लागला. मिशी थरथरायला लागली. व्हर्नाने खराटा उगारला, पण तिलाही हसू आवरेना. दोघं त्या घाणीत एकमेकांचे खांदे धरून हसत उभी. लोक यायला लागले होते, एक वाजता सामना, नि गोलरेषेचा पत्ता नाही.

तेव्हा व्हर्ना माझ्याकडे आली नि हातातला माइक तिने काढून घेतला.

"ऐका! एकशेसाठ फूट रेषा गेली आहे. हात पसरून एक माणूस पाच फूट धरा. मला बत्तीस माणसं हवीत. दोन्ही गावांची. लठ्ठ चालतील, भित्री चालणार नाहीत."

बत्तीस कसली, साठ धावली. तिने बत्तीस निवडली. ग्रेहिलच्या बेकरीवालीपासून आमच्या पोस्टमास्तरपर्यंत सगळी हातात हात घालून ओळीने उभी. मधोमध व्हर्ना, तिच्या उजव्या हाताला ओरेस्ट. पंच होते जज्ज पेटिबोन, साठ मैलांवरच्या गावातले निवृत्त न्यायाधीश. ते ओळीच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एक डोळा मिटून पाहत गेले.

"पोस्टमास्तर, पोट आत. रेषेला फुगवटा आलाय." आणि मग, "कायद्यात कुठेही म्हटलेलं नाही की रेषा जिवंत नसावी. सुरू करा!"

चार डावांतला पहिला बरा गेला, कारण खेळ दक्षिणेकडेच अडकला होता. आमच्या मानवी रेषेला कंटाळा आला. कुणी गाणी म्हणायला लागलं, कुणी हात सोडून नाक खाजवलं की व्हर्ना ओरडायची, "रेषा तुटली!" दुसऱ्या डावात मात्र ग्रेहिलचा नळवाला कोझाक, एकशेतीस किलोंचा ऐवज, चेंडू काखेत मारून सुटला. मी माइकवर काय बोललो ते लोक मला आजही सांगतात, मला काही आठवत नाही. तीस यार्ड, वीस यार्ड, दहा यार्ड. मागून आमचे चार गडी त्याला लोंबकळत, आणि तो धाडधाड करत रेषेकडे.

आणि रेषा पळाली.

खरंच पळाली! बेकरीवालीने किंकाळी फोडली नि तीस माणसं वळून सुसाट सुटली. मी माइकवर ओरडतोय, "गोलरेषा मागे जातेय! पाच यार्ड! पंधरा यार्ड! तीस यार्ड! गोलरेषा गाड्यांमध्ये शिरली!" पोस्टमास्तर तर नंतर एका ट्रकखाली लपलेला सापडला. जागेवर उरली दोघंच. व्हर्ना आणि ओरेस्ट, हातात हात, डोळे गच्च मिटून.

कोझाकने शेवटच्या क्षणी त्यांना पाहिलं. भला माणूस. त्याने स्वतःला बाजूला फेकलं, पण मागचे चौघं त्याच्यावर, नि त्या ढिगाऱ्याच्या कडेने ती दोघंही आडवी. दोन्ही गावं बाकांवरून उठून उभी. मग ढिगाऱ्यातून ओरेस्टचा आवाज आला, नि सतरा वर्षांत तो पहिल्यांदाच तिच्याशी असा बोलला.

"व्हर्ना! लागलं का तुला?"

"नाही. तुला?"

"माझी कवळी कुठेतरी गेली."

"माझ्या हातात आहे. घे."

चेंडू व्हर्नाच्या पोटावर होता.

जज्जसाहेब टोपी सावरत आले. रेषा होती ती ही दोघंच, बाकी रेषा फरार. तेव्हा साक्षीदारही हीच. त्यांनी दोघांना उठून बसवलं आणि विचारलं, "चेंडू रेषेपार गेला होता का?"

"गेला होता," व्हर्ना म्हणाली. "माझ्या कानाजवळून गेला. पुरता गेला. सहा गुण द्या त्यांना."

आमच्या बाकांवरून हाय हाय झालं. आपलीच बाई!

"नाही गेला," ओरेस्ट म्हणाला. "तिच्या अलीकडेच पडला, मग वर उडाला."

आता ग्रेहिलवाल्यांनी डोकी धरली.

"तू डोळे मिटले होतेस!"

"तूही मिटले होतेस!"

"मग तुला कसं कळलं मी मिटले होते?"

ओरेस्ट लाल झाला. "मी मधे एकदा उघडून बघितलं. तू आहेस की पळालीस ते."

त्यावर व्हर्नाने हाताने केस नीट केले. तिच्या बाबतीत हे मी पहिल्यांदाच पाहिलं, म्हणून माइकवरून जाहीर केलं. जज्ज पेटिबोननी दाढी खाजवली आणि निकाल दिला: दोन्ही साक्षी आपापल्या गावाविरुद्ध, म्हणून दोन्ही खऱ्या; सहा गुणांचे निम्मे, तीन. फुटबॉलच्या जन्मापासून असा निकाल कुणी दिला नव्हता. दोन्ही बाजूंनी पाच मिनिटं आरडाओरडा केला, आणि मग दोन्ही बाजूंनाच तो आवडला.

मध्यंतरानंतर केशरी मैदान. बारा-बारा गडी, एवढाल्या जागेत सगळे मुंग्यांसारखे पसरले. आमच्या लोकांची फेफे उडाली. तरी शेवटचं मिनिट लागलं तेव्हा सतरा-सतरा अशी बरोबरी होती, चेंडू आमच्याकडे, आणि दक्षिणेची गोलरेषा चाळीस यार्डांवर. कॅनडाच्या नियमाने दहा यार्ड पुढे सरकायला तीनच प्रयत्न, त्यातले दोन वाया. लाइल डॉक्टरने खांबांकडे पाहिलं. त्याचा नेम तिथवर लागण्यातला नव्हता, हे त्यालाही माहीत होतं नि मलाही. मी त्याला पंधरा वर्षं ओळखतो, त्याचा नेम दाढेवरसुद्धा चुकतो.

तेवढ्यात बाजूने आवाज आला. व्हर्ना! कुंपणाच्या खांबावर चढलेली, स्कर्टाला हंसांची घाण, केस पिंजारलेले.

"लाइल! खांब सोड! नुसता मागे लाथाड! खुंटांत! खुंटांत घाल!"

ओरेस्टने तिच्याकडे वळून पाहिलं. "नेम चुकल्याचं बक्षीस?"

"गप्प बस! लाइल, मार!"

लाइलने डोळे मिटून लाथ मारली. चेंडू खांबांपासून लांब, एका बाजूने उडाला नि नायगार्डच्या शेतात, मागच्या पट्ट्यातल्या खुंटांत गडप झाला. ग्रेहिलचे तिघं त्यामागे धावले. एक अडखळून पडला, दुसरा पहिल्यावर पडला. तिसऱ्याने वाकून काहीतरी उचललं आणि जोरात पळत सुटला. गोलरेषा ओलांडून तीस यार्ड आला तेव्हा सगळ्यांना दिसलं, त्याच्या काखेत शेतातला भोपळ्याएवढा दगड होता. शिट्टी झाली. एक गुण. अठरा-सतरा!

मग जो गोंधळ झाला त्याचं वर्णन माइकवरून मी केलं नाही, कारण मी माइकच्या माचीवरून उडी मारून खाली आलो होतो. व्हर्ना खांबावरून उतरली ती ओरेस्टच्या अंगावरच. तिने त्याचे दोन्ही गाल धरले.

"काय सुंदर नियम आहे रे तुमचा! काय शहाणे लोक तुम्ही!"

"सतरा वर्षं सांगतोय," तो म्हणाला. त्याचा संघ हरला होता, नि चेहरा मात्र जिंकल्यासारखा.

रात्रीच्या जेवणाला शाळेच्या सभागृहात दोन्ही गावं होती. आमच्या बायकांची बटाट्याची धिरडी, त्यांच्या करंज्या, भाजलेलं बीफ, सात तऱ्हेच्या फळांच्या गोड पाई. कोझाकने व्हर्नाची माफी मागितली नि तीन वेळा वाढून घेतलं. ओरेस्ट तिच्या शेजारी बसला होता. मी वाकून बघितलं नाही, पण कान माझे चांगले आहेत.

"हिवाळ्यात काय करतेस?"

"काही नाही. वाट बघते, बर्फ कधी जातो त्याची."

"आमच्याकडे ये. बर्फ आला की आमचं सुरू होतं. एकशेपन्नास फूट लांबीच्या पट्ट्या आहेत, चार. त्यावर गोल वर्तुळं आखायची असतात. माझा हात हल्ली थरथरतो, वर्तुळ अंड्यासारखं येतं."

"वर्तुळ मी कधी आखलं नाहीये."

"शिकवतो. पण ओरडायचं नाही."

"ओरडणार. आधीच सांगते."

"बरं, ओरड."

नोव्हेंबरात ती गेली. आठ दिवसांसाठी म्हणून गेली नि मार्चमध्ये आली, तीही घरातली झाडं कुणाला तरी द्यायला. मधल्या काळात मला दर रविवारी फोन. वर्तुळं कशी जमतात, शेजारच्या गावाची कशी वाकडी आहेत, ओरेस्ट झोपेत कसा यार्डांचे मीटर करतो. हे शेवटचं तिला कसं कळलं, ते मी विचारलं नाही. जूनमध्ये लग्न. आधी आमच्या पाद्र्याने लावलं, मग त्यांच्या पाद्र्याने, कारण दोघांपैकी कुणाचंच कुणाला पुरेसं वाटेना.

नाच ग्रेहिलला, त्याच बर्फाच्या हॉलमध्ये. उन्हाळ्यात तिथे नुसती सिमेंटची जमीन असते. व्हिटलॉकहून बसभर माणसं गेली. अकॉर्डियन सुरू झालं नि ओरेस्टची चौऱ्याऐंशी वर्षांची मावशी थेट माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

"तूच ना तो बोलणारा न्हावी? पाय पण चालतात की नुसतं तोंड?"

"मावशी, मला पोल्का येत नाही."

"येत नाही तर येईल," असं म्हणून तिने माझी कॉलर धरली. अर्ध्या तासात मी दोन वेळा तिच्या पायावर पाय दिला, एकदा केकच्या टेबलावर आदळलो नि शेवटी बाकावर बसून पाणी मागितलं. तिने पाणी आणून दिलं, मी प्यायल्यावर ग्लास काढून घेतला, आणि मला पुन्हा उठवलं.